शेळीचं दूध चीजसाठी घरी पाश्चराइझ कसं करावं

उस्मानाबादी शेळी ओळखली जाते ती मटणासाठी आणि जुळ्या करडांसाठी. दुधासाठी म्हणून तिला फारसं कुणी पाळत नाही. धाराशिव, तुळजापूर, लातूर, उदगीर या पट्ट्यात दावणीला चार-पाच शेळ्या असल्या तरी करडांनी पिऊन उरलेलं दूध घरच्या चहात संपतं. पण करडं दुधावरून तोडली, शेळ्या थोड्या वाढल्या, किंवा कुणी बीटल-सानेन या दुधाळ जातींचा संकर गोठ्यात आणला की रोजचं दोन-तीन लिटर दूध हाताशी येतं आणि त्याचं काय करायचं हा प्रश्न पडतो. डेअरीवाला घेत नाही, शेजारी "वास येतो" म्हणून नाक मुरडतात. तिथून चीजचा विचार सुरू होतो.

आणि पहिलीच अडचण येते ती दूध तापवण्यात. आपल्याकडे दूध तापवणं म्हणजे उतू जाईस्तोवर तापवणं. "अर्धं कच्चं कशाला ठेवतीस गं, येऊ दे की वर!" असं घरातली जाणती बाई म्हणणारच, आणि प्यायच्या दुधापुरतं तिचं म्हणणं शंभर टक्के बरोबर आहे. चीजच्या दुधाला मात्र उकळी चालत नाही. तिथं दूध ठरलेल्या तापमानाला, ठरलेला वेळ धरून ठेवायचं असतं. यालाच पाश्चरायझेशन म्हणतात. या लेखातलं निम्मं काम त्या धरून ठेवण्याचं आहे आणि उरलेलं निम्मं दूध झटपट गार करण्याचं.

उकळलेलं दूध का चालत नाही

दुधात दोन जातींची प्रथिनं असतात. रेनेट, म्हणजे चीजसाठी दूध जमवणारं विकर, घातल्यावर जे जमतं ते केसीन. निवळीत, म्हणजे दह्यातून सुटणाऱ्या पाण्यात, निघून जातात ती दुसरी. दूध साधारण ७० अंश सेल्सिअसच्या वर नेलं की ही निवळीतली प्रथिनं उलगडतात आणि केसीनच्या कणांना जाऊन चिकटतात. रेनेटला नेमकी ज्या जागी कात्री लावायची असते तीच जागा झाकली जाते. मग तुम्ही तासभर वाट बघा की दोन तास, भगुन्यात घट्ट दही लागत नाही; ढिला, रवाळ, पाणी धरून बसलेला गोळा होतो आणि फडक्यातून निम्मा निघून जातो.

शेळीच्या दुधात ही अडचण दुप्पट होते. त्यात अल्फा-एस-वन नावाचं केसीन गाईच्या दुधापेक्षा कमी असतं, त्यामुळे त्याचं दही मुळातच मऊ लागतं. म्हशीच्या दुधाला थोडी जास्त उष्णता लागली तर ते सांभाळून घेतं, शेळीचं दूध सांभाळून घेत नाही.

पनीरची गोष्ट वेगळी. पनीर रेनेटनं होत नाही, उष्णता आणि आंबट यांनी होतं. तिथं दूध ८५-९० अंशांपर्यंत नेतोच आपण, त्यामुळे वेगळं पाश्चरायझेशन करायची गरज उरत नाही. ज्यांना फक्त पनीर करायचं आहे त्यांनी स्वच्छ दूध काढण्याचा भाग तेवढा वाचावा आणि पनीर लावावं.

मग कच्चंच वापरलं तर?

नको. शेळीच्या कच्च्या दुधातून येणारा सगळ्यात त्रासदायक आजार म्हणजे ब्रुसेलोसिस. शेळ्या-मेंढ्यांत तो ब्रुसेला मेलिटेन्सिस या जिवाणूमुळे होतो. शेळी बाहेरून धडधाकट दिसते, फार तर गाभणपणाच्या शेवटच्या दीड-दोन महिन्यांत गाभडते, आणि दुधातून जिवाणू टाकत राहते. माणसाला झाला की ताप चढतो-उतरतो, रात्री घाम फुटतो, सांधे आणि कंबर धरते. महिनोन्‌महिने निदान होत नाही, कारण सगळे मलेरिया-टायफॉइडच्याच मागे असतात. माल्टा बेटावर ब्रिटिश सैनिकांना हाच ताप येई. डेव्हिड ब्रूस यांनी १८८७ मध्ये त्याचा जिवाणू शोधला, पण तो शेळीच्या दुधातून येतो हे उघड व्हायला १९०५ उजाडलं. ते दाखवलं थेमिस्टोक्लीस झॅमिट या माल्टाच्याच डॉक्टरांनी. सैनिकांचं शेळीचं दूध बंद केल्यावर ताप झपाट्यानं कमी झाला.

दुसरा आजार क्यू ताप. त्याचा जिवाणू उष्णतेला इतरांपेक्षा चिवट असतो. अमेरिकेत १९५६ मध्ये मंद पाश्चरायझेशनचं, म्हणजे कमी उष्णतेला अर्धा तास धरण्याच्या पद्धतीचं, तापमान ६१.७ वरून ६२.८ अंशांवर नेलं ते याच जिवाणूमुळे. एक अंशाचा फरक केवढा महाग पडू शकतो हे यावरून कळावं. "साधारण कडक झालं की बंद करा" असलं मोजमाप इथं उपयोगाचं नाही.

पाश्चरायझेशन काय करत नाही हेही आधीच समजून घ्या, नाहीतर त्याच्यावर नको तेवढा भरवसा बसतो. त्यानं रोगजंतू मरतात, सगळेच जंतू मरत नाहीत; काही जिवाणूंची बीजं टिकून राहतात आणि दूध कोमट राहिलं की पुन्हा उठतात. दगडी (कासेची सूज) झालेल्या कासेतल्या दुधात स्टॅफिलोकोकस जिवाणूनं विष सोडलेलं असेल तर जिवाणू मरतो, विष तसंच राहतं. ते उकळूनही जात नाही. आणि शेळीला टोचलेल्या अँटिबायोटिकचा अंश दुधात असेल तर तो तापवून निघत नाही. वर चीजचं विरजणही त्यात लागत नाही. थोडक्यात, खराब दूध तापवून चांगलं होत नाही.

सुरुवात गोठ्यातून

व्यालेल्या शेळीचं पहिल्या चार-पाच दिवसांचं दूध, म्हणजे चीक, करडांना पाजा. तो तापवला की खरवसासारखा घट्ट होतो, चीजच्या कामाचा नाही. औषध चालू असलेल्या शेळीचं दूध बाटलीवर लिहिलेले दिवस पूर्ण होईपर्यंत वेगळं काढा. कळपातली शेळी गाभडली असेल तर पशुवैद्यकीय दवाखान्यात सांगून सगळ्यांचं रक्त तपासून घ्या, आणि पडलेला गर्भ, वार उघड्या हातानं उचलू नका. ब्रुसेला आणि क्यू ताप दोन्ही तिथूनही लागतात.

धार काढताना कास कोमट पाण्यानं पुसून कोरड्या फडक्यानं टिपा. ओल्या कासेवरून ओघळलेलं पाणी चरवीत पडलं तर अख्खं दूध नासलं समजा. शेळीला दोनच सड, काम फार नाही. प्रत्येक सडाच्या पहिल्या दोन-तीन धारा वेगळ्या वाटीत, वाटीवर काळं फडकं ताणून. काळ्यावर गुठळी, धागा किंवा रक्ताची लालसर छटा लगेच दिसते. दिसली तर त्या शेळीचं दूध चीजमध्ये घालायचं नाही.

बोकड गोठ्यात जवळ बांधलेला असेल तर त्याचा उग्र वास दुधात उतरतो अशी जुन्या माणसांची तक्रार असते, आणि बोकड लांब बांधल्यावर फरक पडतो हे खरं आहे. पण निम्मा वास आपण स्वतः आणतो. शेळीच्या दुधातल्या स्निग्धाचे कण बारीक असतात आणि त्यात कॅप्रोइक, कॅप्रिलिक, कॅप्रिक ही आम्लं भरपूर. दूध जोरात ओतलं, घुसळलं, कोमट ठेवलं की दुधातला लायपेज हा विकर ती आम्लं मोकळी करतो आणि तोच तो शेळकट वास. म्हणून धार काढल्यावर दुधाला हिसके देऊ नका, मलमलीच्या दुहेरी फडक्यातून अलगद गाळा आणि शक्य तितक्या लवकर पाश्चराइझ करा. त्या उष्णतेत लायपेजही निकामी होतो.

चीजपुरतं उस्मानाबादीचं दूध साठायला दोन दिवस लागतात, हे खरं. तरी कच्चं दूध साठवत बसू नका. रोजचं दूध रोज पाश्चराइझ करून गार करा आणि ते पाश्चराइझ केलेलंच दूध फ्रीजमध्ये एकत्र साठवा. दोन दिवसांचं दूध चालतं, तीन दिवसांच्या पुढं जाऊ नका. थोडं दूध असेल तर काम उलट सोपं. दीड लिटर गार व्हायला वेळ लागत नाही.

काय काय लागतं

दोन स्टीलची भगुनी, एकात दुसरं बसेल अशी. आतल्याची क्षमता दुधाच्या दीडपट असू द्या. अॅल्युमिनियम नको, पुढं चीज आंबट होतं तेव्हा ते धातू सोडतं. कल्हई नसलेलं तांबं-पितळही नको. बाहेरच्या भगुन्याच्या तळाशी कुकरमधली जाळी किंवा एखादी स्टीलची रिंग, म्हणजे आतलं भगुनं तळाला टेकणार नाही. झाकण, लांब दांड्याची स्टीलची पळी, घड्याळ किंवा मोबाइलचा टायमर, बर्फ, आणि थर्मामीटर.

थर्मामीटरवर कंजुषी करू नका. तापाचा थर्मामीटर ४२ अंशांच्या पुढं जात नाही, तो इथं बिनकामाचा. लांब सळईचा डिजिटल स्वयंपाकाचा थर्मामीटर ऑनलाइन मिळतो. आणल्यावर आधी तपासा. ग्लासभर बर्फाचा चुरा, त्यात थोडंसं पाणी, ढवळून सळई मध्यभागी धरली की शून्य दाखवायला हवं. मग उकळत्या पाण्यात धरा, पण तिथं १००ची अपेक्षा ठेवू नका. छत्रपती संभाजीनगर समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या वर आहे, लातूर सहाशेच्या वर. तिथं पाणी ९८ अंशांच्या आसपासच उकळतं. परभणी-नांदेड खाली आहेत, तिथं ९९च्या थोडं अलीकडे. थर्मामीटर सगळीकडे दोन अंश जास्त दाखवत असेल तर फेकून देऊ नका. दोन अंश वजा धरून काम करा आणि ते आकडे त्याच्या डब्यावर लिहून ठेवा.

भांडी धुण्याचा क्रम साधा आहे पण बहुतेक जण उलटा करतात. दुधाच्या भांड्याला आधी गार पाणी, मग साबण आणि गरम पाणी. आधीच गरम पाणी ओतलं तर दुधाची प्रथिनं भांड्यालाच शिजून चिकटतात आणि हळूहळू पिवळट थर चढतो. आपल्या बोअरच्या जड पाण्यात तो थर आणखी लवकर जमतो. आठवड्यातून एकदा पांढऱ्या व्हिनेगरनं पुसून काढा. वापरण्याआधी आतलं भगुनं, पळी, झाकण उकळत्या पाण्यानं खळखळून घ्या.

दूध तापवणं

बाहेरच्या भगुन्यात पाणी घाला. आतलं भगुनं ठेवल्यावर पाण्याची पातळी दुधाच्या पातळीइतकी किंवा थोडी वर यायला हवी, नाहीतर खालचं दूध तापतं आणि वरचं मागे राहतं. गाळलेलं दूध आतल्या भगुन्यात. मध्यम आच.

दूध ४० अंशांपर्यंत सावकाश ढवळा. नंतर पळी सतत हवी, पण तळापासून वर, संथ. रवीसारखी घुसळायची नाही, फेस होतो. फेस इथं नुसता दिसायला वाईट म्हणून नको असं नाही. फेस हवेनं भरलेला असतो, त्याखालचं दूध ६३ अंशांवर असलं तरी फेस त्याहून चार-पाच अंशांनी गार राहू शकतो आणि त्यातले जंतू जगतात. डेअरीच्या मोठ्या टाकीत दुधावरची हवासुद्धा दुधापेक्षा जास्त गरम ठेवतात ती याचसाठी. आपल्याकडे ती सोय नाही, म्हणून फेस पळीनं काढून टाकायचा आणि मधल्या वेळात झाकण ठेवायचं.

५५च्या पुढं भगुन्याच्या कडेनं बारीक बुडबुड्यांची रांग दिसू लागते आणि कच्च्या दुधाचा वास जाऊन तापल्या दुधाचा गोडसर वास येतो. शेळीचं दूध कागदासारखं पांढरं असतं, गाईच्या दुधाची पिवळी झाक नसते. त्यामुळे रंगावरून काही कळत नाही, बघायचं ते फक्त थर्मामीटरकडे. सळई दुधाच्या मध्यभागी, तळाला न टेकवता.

६१ अंश झाले की आच एकदम बारीक करा किंवा बंदच करा. बाहेरचं पाणी सत्तरच्या आसपास असतं, ते दुधाला आपोआप ६३-६४ वर नेतं. पहिल्यांदा करणारे ६३ दिसेपर्यंत मोठी आच ठेवतात आणि दूध ७०च्या पुढं पळतं.

आता खरं काम. नियम आहे ६३ अंशांना पूर्ण ३० मिनिटं. घरी मी ६५ धरायला सांगेन, कारण थर्मामीटरची आणि आपल्या नजरेची चूक दोन अंशांत सामावून जाते. ६४ ते ६६च्या मध्ये ठेवा. वरची हद्द ६८. तिच्यापुढं दह्याचा दर्जा उतरू लागतो. टायमर दूध ६५ला पोहोचल्यावर लावायचा, त्याआधी नाही. दर दोन-तीन मिनिटांनी झाकण काढून ढवळा, भगुन्याच्या आतल्या भिंतीवर चिकटलेलं दूधही पळीनं खाली ओढा, आकडा बघा, झाकण ठेवा. आकडा ६४ दाखवू लागला की बारीक आच मिनिटभर. ६६ झाला की बंद, किंवा बाहेरच्या पाण्यात पेलाभर गार पाणी. एकदा जरी ६३च्या खाली गेलं तर टायमर पुन्हा शून्यापासून. वीस मिनिटं आधी आणि दहा मिनिटं नंतर अशी बेरीज चालत नाही.

चुलीवर होतं का? होतं, आणि छान होतं. पाणी सत्तरला आलं की जळती लाकडं मागे ओढायची आणि नुसत्या निखाऱ्यांवर भगुनी ठेवायची. निखारे सारून-पसरून तापमान गॅसपेक्षाही स्थिर राखता येतं. फक्त झाकण पक्कं हवं, नाहीतर चीजला धुरकट वास येतो, आणि तो चांगला धुरकट नसतो.

७२ अंशांना १५ सेकंद ही दुसरी पद्धत तुम्ही ऐकली असेल. ती डेअरीच्या यंत्राची पद्धत आहे. तिथं दूध पातळ थरात तापतं आणि लगेच गार होतं. भगुन्यातलं चार लिटर दूध ७२ला नेऊन क्षणात खाली आणणं जमत नाही, ते पाच-दहा मिनिटं सत्तरच्या वर रेंगाळतं आणि दही ढिलं पडतं. प्यायला चालेल, चीजला मंद पद्धतच बरी.

गार करणं

तीस मिनिटं झाली की लोक हुश्श करतात आणि भगुनं ओट्यावर ठेवून देतात. मे महिन्यात घरात ३८ अंश असताना ते दूध चार-चार तास कोमट राहतं, आणि टिकून राहिलेल्या बीजांना त्याहून चांगली जागा नाही.

आतलं भगुनं झाकणासकट उचलून सिंकमध्ये किंवा घमेल्यात. आधी साधं गार पाणी, भगुन्याच्या निम्म्याच्या वर. दूध सावकाश ढवळत राहा. चार-पाच मिनिटांत ते पाणी गरम होतं, ते बदला. दुसऱ्या पाण्यानंतर दूध ४०च्या आसपास येतं, आणि तेव्हा बर्फ. पहिल्यापासून बर्फ टाकला तर तो साध्या पाण्यानं झालं असतं त्या कामात वितळून जातो. उन्हाळ्यात टाकीतलं पाणीच ३५-४० अंशांचं असतं, तेव्हा माठातलं किंवा रात्री भरून ठेवलेल्या कळशीतलं पाणी वापरा. लाइटीचा भरवसा नसेल तर फ्रीजरमध्ये चार-पाच पाण्याच्या बाटल्या कायम गोठवून ठेवा. बाजारातून आणलेल्या लादीचा बर्फ बाहेरच्याच पाण्यात. दुधात बर्फ टाकून गार करायचा विचारही नको.

हे बाहेरचं पाणी ओतून देऊ नका. २०१६ साली लातूरला रेल्वेनं पाणी आणावं लागलं, त्या मुलखातल्या माणसाला हे वेगळं सांगायला नको. तापवलेलं पाणी भांडी धुवायला, बदललेलं पाणी शेळ्यांच्या टाकीत.

लगेच चीज लावायचं असेल तर दूध २५-३० अंशांवर थांबवा. साठवायचं असेल तर ४ अंशांपर्यंत न्या, झाकणबंद स्टीलच्या डब्यात, फ्रीजच्या आतल्या बाजूला; दारातल्या कप्प्यात नाही. पाऊण तासात दूध १० अंशांच्या खाली आलं तर काम चांगलं झालं समजा. आणि कच्च्या दुधाला लागलेली पळी, गाळणी, फडकं, हात यांपैकी काहीही आता या दुधाला लागता कामा नये. पाश्चरायझेशननंतर दूध बिघडतं ते बहुतेक वेळा याच वाटेनं.

पुढं चीज

पहिलं चीज मऊ, पसरता येणारं करा. फ्रेंच त्याला शेव्र म्हणतात. श्रीखंडाचा चक्का टांगणाऱ्या घरात ते शिकायला वेळ लागत नाही.

चार लिटर दूध, २५-३० अंश. तापवल्यानं दुधातलं थोडं कॅल्शियम दह्याच्या उपयोगाचं राहत नाही, म्हणून कॅल्शियम क्लोराइड. खाण्याच्या दर्जाचं, ३० टक्क्यांचं तयार द्रावण घ्या. चार लिटरला पाव चमचा, पाव कप पाण्यात मिसळून. जास्त घातलं तर कडवट लागतं. प्रयोगशाळेच्या दुकानातलं स्वस्त मिळतं, ते घेऊ नका.

मग मेसोफिलिक कल्चर, म्हणजे मध्यम उबेत वाढणारं चीजचं तयार विरजण, पाकिटावर लिहिल्याप्रमाणे, दुधावर भुरभुरवून दोन मिनिटं भिजू द्यायचं आणि ढवळायचं. घरच्या विरजणानं होतं का, हे सगळेच विचारतात. होतं; उकळलेल्या दुधाच्या ताज्या दह्याचे दोन-तीन चमचे घाला. चव चक्क्याकडे झुकते आणि दर वेळी सारखी येत नाही. कच्च्या दुधाचं विरजण मात्र नाही, नाहीतर एवढा वेळ घड्याळ धरून बसलो कशाला?

शेवटी रेनेट. बाजारात बहुतेक मायक्रोबियल म्हणजे शाकाहारी रेनेट मिळतं. या चीजला तीन-चार थेंब पुरे. बाटलीगणिक जोर वेगळा असतो, लेबल वाचा. रेनेट विरघळवायचं पाणी उकळून गार केलेलं हवं. नळाच्या पाण्यातलं क्लोरीन रेनेटला मारतं, आणि टँकरच्या पाण्यात ते कधी किती असतं याचा नेम नाही.

झाकून १२ ते १८ तास, न हलवता, २२-२५ अंशांच्या जागी. मराठवाड्यात ही जागा दिवाळीपासून होळीपर्यंत कुठंही मिळते. उन्हाळ्यात कूलरसमोर ओल्या पोत्यात गुंडाळून ठेवलं तर जमतं, पण रात्रीच लावा. मे महिन्याच्या दुपारी लावलेलं दूध आंबट होऊन वर उफाळतं. त्या दिवसांत सरळ पनीर करावं.

दही लागलं की कडेनं सुटतं आणि वर हिरवट निवळीचा बोटभर थर येतो. चमच्यानं उचलून उकळून घेतलेल्या फडक्यात भरा, टांगा. सहा ते बारा तास, उन्हाळ्यात फ्रीजमध्येच टांगायचं. मग वजनाच्या एक-दीड टक्का सैंधव. लिटरमागे दीडशे-दोनशे ग्रॅमच्या आसपास चीज उतरतं. निवळी भाकरीचं पीठ मळायला वापरा, शेळ्याही आवडीनं पितात.

बिघडलं तर

दही लागलंच नाही आणि दूध गोडच आहे: शेळीला नुकतं औषध दिलं होतं का ते आठवा. औषध नसेल तर कल्चर जुनं झालेलं असतं; ते फ्रीजरमध्ये ठेवावं लागतं. दूध आंबट झालं पण दही ढिलं: दूध सत्तरच्या पुढं गेलं होतं किंवा रेनेटचं पाणी क्लोरीनचं होतं. चीजमध्ये बुडबुडे, छिद्रं, फुगा, यीस्टचा वास: गार करण्यात उशीर झाला किंवा नंतर घाण हात लागला. असं चीज चाखूनही बघू नका, टाका. कडू लागलं तर रेनेट किंवा कॅल्शियम जास्त झालं असेल. कडुलिंबाचा पाला जास्त चारलेल्या शेळीच्या दुधाबद्दलही लोक हीच तक्रार करतात, चारा दोन दिवस बदलून बघा.

चांगलं झालेलं चीज फ्रीजमध्ये हवाबंद डब्यात आठवडाभर ठेवा, त्यापुढं नको. गरोदर बाईला, तान्ह्या लेकराला किंवा आजारानं अशक्त झालेल्या माणसाला मऊ चीज न दिलेलं बरं. लिस्टेरिया हा जिवाणू फ्रीजच्या थंडीतही वाढतो आणि मऊ ओलसर चीज त्याला मानवतं.

विकायचा विचार असेल तर आधी एफएसएसएआयची (देशाच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाची) नोंदणी लागते, घरगुती असलं तरी. पाश्चरायझेशन पूर्ण झालं की नाही ते फॉस्फेटेज चाचणीवरून कळतं. हा विकर दुधात मुळातच असतो आणि रोगजंतू मेल्यावर जेमतेम थोड्या जास्त उष्णतेला नाहीसा होतो. तो सापडला तर तापवणं कमी पडलं. शेळीच्या दुधात तो गाईच्या मानानं कमी असतो, हे तपासणाऱ्याला आधी सांगा. उदगीरला दुग्धतंत्रज्ञान महाविद्यालय आहे, परभणीला कृषी विद्यापीठात अन्नतंत्रज्ञान महाविद्यालय आहे. नमुना कुठं तपासून मिळेल, फी किती, बर्फात आणायचा की कसा, ही चौकशी पहिलं गिऱ्हाईक लागण्याआधीच करून ठेवा.